६० मुलं, ३० दिवसांचं धान्य आणि आमच्या घरात चार उत्तरं

मीठभाकर — मंगळवार, रात्री ९:२०

नमस्कार मंडळी. धागा गणिताचा आहे. माझं नाव बघून पाककृतीच्या आशेनं आलेल्यांनी लगेच परत फिरू नये.

मुलगी सातवीत आहे, सध्या व्यस्त प्रमाण चालू आहे. काल सराव पेपरात हे आलं:

"एका वसतिगृहात ६० मुलांना ३० दिवस पुरेल इतके धान्य आहे. १० दिवसांनंतर २० मुले गावी गेली. उरलेले धान्य उरलेल्या मुलांना किती दिवस पुरेल?"

लेकीनं तिरकस गुणाकार करून २० दिवस काढले. मी म्हटलं, अगं बाई, खाणारी तोंडं कमी झाली आणि धान्य आधीच संपलं होय? मग मी बसले. ६० गुणिले ३० भागिले ४०, आले ४५. तेवढ्यात हे शिरोलीहून ड्युटी करून आले. जेवता जेवता म्हणाले, "४५ बरोबर, पण त्यातले १० दिवस गेले की. ३५ लिही." उत्तरसूची उघडली तर तिथं ३०!

उत्तर काय आहे ते कळलं. माझं आणि ह्यांचं कुठं चुकलं ते सांगा. हे अजून ३५ वरच अडून आहेत, उत्तरसूचीत छपाईची चूक आहे म्हणतात.

---

भरतीवाला_भावा — मंगळवार, रात्री ९:३४

ताई लई सोपं हाय. सूत्र पाठ करायचं. मा१ × दि१ = मा२ × दि२ (मा म्हंजे माणसं, दि म्हंजे दिवस). ६० × २० = ४० × दि२. दि२ = ३०. दहा सेकंदात खल्लास.

पोलीस भरतीच्या पेपरात ह्यातलं एक तरी पडतंयच.

---

मीठभाकर — मंगळवार, रात्री ९:३८

दादा, ६० × २० का? ६० मुलांना ३० दिवस पुरतं म्हटलंय ना? माझी गाडी तिथंच अडली.

---

भरतीवाला_भावा — मंगळवार, रात्री ९:४१

क्लासमध्ये तसंच सांगितलंय. "नंतर" शब्द दिसला की वजा करायचं.

---

खडू_फळा — मंगळवार, रात्री १०:२५

भावा, रागावू नकोस, पण "शब्द दिसला की वजा कर" हे गणित नव्हे, ही पाटी वाचून एसटीत चढणं आहे. याच गणितात शेवटचं वाक्य "धान्य एकूण किती दिवस पुरले?" असं केलं तर उत्तर ४० होतं. "नंतर" शब्द तिथेही आहेच. तू ३० लिहून येशील आणि मार्क जाईल.

ताई, मी करवीर तालुक्यात एकतीस वर्षं गणित शिकवलं, आता घरी बसून नातवाचं डोकं खातो. पण हे गणित मी शाळेत शिकलो नाही, बोर्डिंगात शिकलो. कोल्हापूर म्हणजे बोर्डिंगांचं गाव. शाहू महाराजांनी १९०१ साली व्हिक्टोरिया मराठा बोर्डिंग काढलं, आणि मग एकेका समाजाची वसतिगृहं उभी राहिली. मी होतो ते बरंच नंतरचं आणि लहानसं, नाव सांगत नाही. तिथे कोठीवर एक मामा होते. शिक्षण चौथी. रोज सकाळी आचारी विचारायचा, "मामा, आज किती पानं?" मामा पाटीवर आकडा लिहायचे आणि कोठीच्या दाराला लावलेल्या कागदावरून तेवढा वजा करायचे.

त्या कागदावर किलो लिहिलेले नसायचे आणि दिवसही नसायचे. लिहिलेली असायची पानं. म्हणजे या कोठीतून अजून इतकी पानं उठतील.

आता तुमचं गणित मामांच्या कागदावर मांडू.

एका मुलाचं एका दिवसाचं जेवण म्हणजे एक पान. कोठीत धान्य आलं तेव्हा ६० × ३० = १८०० पानं होती. पहिले १० दिवस साठच्या साठ मुलं जेवली, ६०० पानं उठली. उरली १२००. आता रोज ४० पानं उठणार. १२०० भागिले ४०, तीस दिवस.

इथे कुठेही सूत्र लागलं नाही. "६० × २०" कुठून आलं तेही दिसलं असेल: उरलेली १२०० पानं म्हणजे साठ मुलांचे वीस दिवसच.

तुमचे ४५ का चुकले? तुम्ही १८०० ला ४० नं भागलंत. म्हणजे पहिल्या दिवसापासून चाळीसच मुलं होती असं धरलंत. ज्या वीस मुलांनी दहा दिवस जेवून घेतलं, त्यांची २०० पानं तुम्ही हिशेबातच धरली नाहीत.

यजमानांचं ३५ जरा वेगळं आहे, आणि खरं सांगू, चूक असली तरी मला आवडलं. त्यात विचार आहे. ते उद्या सांगतो. तोवर त्यांना म्हणावं छपाई बरोबर आहे.

---

वाकडं_बोट — बुधवार, सकाळी ७:५०

मास्तर, बोर्डिंगात दिवसाला दोन वेळ जेवण असतं. म्हणजे ३६०० पानं. तुमचा हिशेब चुकला.

---

खडू_फळा — बुधवार, सकाळी ८:१०

बरं, ३६०० धर. पहिल्या दहा दिवसांत १२०० उठली, उरली २४००, रोज उठणार ८०. भाग जा. तीसच.

वाकड्या बोटानं का होईना, तूप निघालं. एककाचं माप काहीही घ्या, दोन्हीकडे एकच घेतलं की झालं. व्यस्त प्रमाणात मला मुलांना हेच पटवायचं असायचं: दोन संख्या बदलतात, पण त्यांचा गुणाकार हलत नाही, आणि तो गुणाकार म्हणजे कोरा आकडा नसतो, ती एक खरी वस्तू असते. धान्याच्या गणितात ती पानं. मजुरांच्या गणितात रोज (रोजंदारीतला रोज, मुकादम "एवढ्या कामाला चाळीस रोज लागतील" म्हणतो ना, तोच). गाडीच्या गणितात अंतर. त्या वस्तूचं नाव मुलाला तोंडानं सांगता आलं की समजावं, पुढचं पोरगं करतंय.

---

वाकडं_बोट — बुधवार, सकाळी ८:३२

मग हे सांगा. दोरीवर १० शर्ट वाळायला २ तास लागतात. २० शर्ट वाळायला किती?

---

भरतीवाला_भावा — बुधवार, सकाळी ८:३६

४ तास. समप्रमाण.

---

वाकडं_बोट — बुधवार, सकाळी ८:३७

😄

---

भरतीवाला_भावा — बुधवार, सकाळी ८:४०

आयला. दोनच तास की. दोरी लांब पाहिजे फक्त.

---

गुऱ्हाळ_ते_घर — बुधवार, सकाळी ११:०५

मास्तर, शर्टावरनं आठवलं. आमचं गुऱ्हाळ आहे, गाव सांगत न्हाई, पंचगंगेच्या काठाला आहे एवढंच.

एका आदनाला, म्हंजे काहिलीभर रसाचा गूळ व्हायला, आमची अडीच-तीन तास जातात. रस काहिलीत पडला की तो उकळणार, मळी वर येणार, ती काढायची, मग गुळव्या, म्हंजे गूळ करणारा जाणता माणूस, पाक बघून सांगणार "उतरा". आता समजा काहिलीभोवती चार माणसं हैत. मी आठ उभी केली तर आदन दीड तासात उतरंल काय? न्हाई. चार जण गप्पा मारतील आणि मला चहाचा खर्च. जाळाला आणि रसाला माणसं मोजता येत न्हाईत.

पण ऊस तोडायच्या टोळीचं तसं न्हाई. दहा कोयत्यांनी फड चार दिवसात संपत असंल तर वीस कोयत्यांनी दोन दिवसात संपतो, जवळजवळ. ज्यांना ठाऊक न्हाई त्यांच्यासाठी: टोळीत कोयता म्हणजे बहुतेक नवरा-बायकोची जोडी, एक माणूस न्हवं. पुस्तकात "१० कोयते = १० मजूर" असं कुणी छापलं तर ते चूक.

म्हणजे त्याच उसाला फडात व्यस्त प्रमाण लागू हाय आणि काहिलीत न्हाई.

---

खडू_फळा — बुधवार, दुपारी १:१५

गुऱ्हाळवाले, तुम्ही वर्गात यायला हवं होतं. फडातलं काम वाटून देता येतं: ही सरी तुझी, ती सरी माझी. उकळी वाटून देता येत नाही. गुणाकार कायम राहण्यासाठी काम वाटता आलं पाहिजे आणि प्रत्येकाचा वेग सारखा धरता आला पाहिजे. पुस्तकातली गणितं हे गृहीत धरतात आणि सांगत नाहीत, फार तर "सर्व मजुरांची कार्यक्षमता समान मानून" असं एखाद्या कंसात असतं. तो कंस मुलं वाचत नाहीत.

आता दुसरा खड्डा. मुलांना आपण घाईत शिकवतो: "एक वाढलं की दुसरं घटतं, म्हणजे व्यस्त." हे अर्धंच खरं आहे आणि त्यावर कित्येक मुलं आपटतात. समजा गोष्टीचं पुस्तक २०० पानांचं (ही पानं छापील, जेवणाची नव्हेत!). वाचलेली पानं वाढली की उरलेली घटतात. मग व्यस्त प्रमाण?

वाचली ५०, उरली १५०. वाचली १००, उरली १००. वाचलेली दुप्पट झाली, पण उरलेली काही निम्मी झाली नाहीत, ७५ व्हायला हवी होती. गुणाकार बघा: आधी ७५००, मग १००००. हलला. इथे कायम आहे ती बेरीज, २००. हे व्यस्त प्रमाण नाही.

म्हणून कसोटी एकच: एकाला दुप्पट करा, दुसरं बरोबर निम्मं होतंय का? तिप्पट करा, एक तृतीयांश होतंय का? नुसतं "कमी होतंय" एवढ्यावर सही करू नका.

---

पट्टा_पुली — बुधवार, संध्याकाळी ६:४०

मी लेथवर असतो. आमच्याकडं हे गणित कुणी गणित म्हणून करत नाही.

मोटर मिनिटाला १४४० फेऱ्यांची. तिच्यावर ४ इंची पुली. मशीनवर १२ इंची पुली. मशीन किती फिरणार? ४ × १४४० = १२ × ?. उत्तर ४८०. पुली तिप्पट मोठी, फेरे एक तृतीयांश.

मास्तरांच्या भाषेत कायम वस्तू कोणती? पट्टा. मिनिटाला जेवढा पट्टा छोट्या पुलीवरून सरकतो तेवढाच मोठ्या पुलीवरून सरकतो (पट्टा घसरत नसेल तर). मोठ्या पुलीचा घेर मोठा, एका फेऱ्यात जास्त पट्टा खाते, म्हणून फेरे कमी.

गिअरला तर आणखी सोपं. २० दातांचा गिअर ६० दातांच्या गिअरला लागला की २० वाल्याचे तीन फेरे आणि ६० वाल्याचा एक. दाताला दात लागतो, त्यामुळं घसरायचा प्रश्नच नाही. दात × फेरे कायम.

नवीन पोरगं कामाला आलं की हमखास उलटं सांगतं. "मोठी पुली लावूया, मशीन जोरात फिरेल." मोटरवर मोठी लावलीस तर जोरात फिरेल, मशीनवर लावलीस तर हळू. हे एकदा हातानं केलं की आयुष्यभर विसरत नाही.

---

मीठभाकर — बुधवार, रात्री ९:०५

पट्टा_पुली दादा, तुमचा प्रतिसाद ह्यांना वाचून दाखवला. मान हलवत म्हणाले, "हे तर मी रोज करतो. पण ते पोरं-धान्याचं वेगळं असतं." आता बोला!

मास्तर, ३५ चं राहिलं की तुमचं.

आणि एक माझ्याकडून. किराणा भरताना कायम माझ्या डोक्यात येतं: तेल २५ टक्क्यांनी महागलं आणि मला महिन्याचा तेलाचा खर्च तेवढाच ठेवायचाय, तर तेल २५ टक्क्यांनी कमी वापरायचं का? आमच्या बचत गटात सगळ्या "हो" म्हणाल्या. मला खात्री नाही.

---

खडू_फळा — बुधवार, रात्री ९:५०

आधी तेल, कारण तेलाचं उत्तर पंचवीस नाही. वीस.

कायम काय आहे? तेलाचा खर्च. भाव × किलो. समजा भाव १०० होता आणि तुम्ही ५ किलो घेत होतात, खर्च ५००. भाव १२५ झाला. ५०० भागिले १२५, चार किलो. पाचाचे चार, म्हणजे एक पंचमांश कमी, २० टक्के. भाव ५/४ पट झाला की वापर ४/५ पट होतो. अपूर्णांक उलटा करायचा, टक्का उलटा करायचा नाही. गटातल्या ताईंना सांगा, पंचवीस टक्के कमी केलं तर त्या उगाच जास्त काटकसर करतील. वाईट नाही म्हणा.

३५ बद्दल मी मुद्दाम थांबलोय. लेकीलाच विचारा: साठ मुलांचे दहा दिवस म्हणजे चाळीस मुलांचे किती दिवस? बाकी काही सांगू नका.

---

घाटावरची_एसटी — बुधवार, रात्री १०:१२

धागा वाचतोय, मजा येतेय. माझं एक: कोल्हापूर ते सातारा साधारण १२० किलोमीटर धरा. जाताना ताशी ४० नं गेलो (हायवेचं काम, दुसरं काय), येताना ताशी ६० नं आलो. सरासरी वेग किती? माझा मित्र इंजिनिअर आहे आणि ५० वर पैज लावायला तयार आहे.

---

भरतीवाला_भावा — बुधवार, रात्री १०:१५

लाव पैज. ४८. जाताना ३ तास, येताना २ तास, २४० किलोमीटर पाच तासात. जिंकलास तर मिसळ माझी.

---

खडू_फळा — बुधवार, रात्री १०:२०

शाब्बास रे भावा! सूत्र न लावता!

(अंतर कायम, म्हणून वेग आणि वेळ व्यस्त. हळू वेगात जास्त वेळ जातो, म्हणून सरासरी हळू बाजूला ओढली जाते. पन्नास यायला दोन्ही वेगांनी सारखा *वेळ* चालवायला हवी होती गाडी, सारखं अंतर नव्हे.)

---

पोथीवाचक — गुरुवार, सकाळी १०:३०

कोठीच्या कागदावरून एक जुनी गोष्ट आठवली.

आज आपण ज्याला व्यस्त प्रमाण म्हणतो त्याला आपल्याकडे व्यस्त त्रैराशिक म्हणत. त्रैराशिक म्हणजे तीन राशी दिल्या, चौथी काढा. आर्यभटानं इ.स. ४९९ च्या ग्रंथात त्रैराशिकाची रीत दिली, ब्रह्मगुप्तानं ६२८ मध्ये व्यस्त त्रैराशिक वेगळं सांगितलं. भास्कराचार्यांच्या 'लीलावती'त, म्हणजे ११५० च्या सुमाराला, दोन्ही सोदाहरण आहेत. तीन राशींची नावं प्रमाण, फल आणि इच्छा. साध्या त्रैराशिकात फळाला इच्छेनं गुणायचं आणि प्रमाणानं भागायचं. व्यस्तात प्रमाणानं गुणायचं आणि इच्छेनं भागायचं. कधी व्यस्त घ्यायचं? इच्छा वाढली की फळ घटतं आणि इच्छा घटली की फळ वाढतं, तेव्हा.

त्यातलं एक उदाहरण धान्याच्या राशीचंच आहे. ७ आढकांच्या मापानं (आढक हे धान्याचं जुनं माप; ७ हे प्रमाण) रास मोजली तर १०० मापं भरली (हे फल). ५ आढकांच्या मापानं (ही इच्छा) मोजली तर किती? रास तीच, ७०० आढक, म्हणून १४० मापं.

आमची आजी हेच पायलीत सांगायची. जोंधळा पायलीनं मोजला तर १२, अधोलीनं मोजला तर २४, शेरानं मोजला तर ४८. माप बारीक, खेपा जास्त.

मास्तरांना एक प्रेमाचा टोमणा: "वाढलं की घटतं म्हणजे व्यस्त" ही अर्धवट व्याख्या आपल्या शिक्षकांनी शोधलेली नाही. जुन्या पोथ्यांतही ओळखायची खूण तीच दिली आहे. फरक इतकाच की तिथे पाठोपाठ उदाहरणं अशी येतात की चुकायला वाव राहत नाही.

---

खडू_फळा — गुरुवार, सकाळी ११:००

टोमणा पोचला. आणि ७०० आढकांची रास म्हणजे माझ्या मामांचा कागदच की हो.

---

भरतीवाला_भावा — गुरुवार, दुपारी ४:१०

सर, आता एक माझं बघा. इथं माझं सूत्र झोपलंय.

"८ मजूर रोज ६ तास काम करून ३० मीटर लांबीचा चर १० दिवसांत खणतात. १२ मजूर रोज ८ तास काम करून ७२ मीटर चर किती दिवसांत खणतील?"

मी सगळं गुणून टाकलं. ८ × ६ × १० × ३० = १२ × ८ × ७२ × दि. दोन दिवस आणि वर चिल्लर आली. पर्यायात १०, १२, १४, १६.

---

पट्टा_पुली — गुरुवार, संध्याकाळी ६:५५

चर लांब झाला तर दिवस वाढणार की कमी होणार? तू लांबी मजुरांच्या पंगतीला बसवलीस. मजूर वाढले की दिवस घटतात, तास वाढले की दिवस घटतात, पण मीटर वाढले की दिवस *वाढतात*. मीटर समोरच्या बाजूला.

---

खडू_फळा — गुरुवार, संध्याकाळी ७:३०

पट्टा_पुली बरोबर. जुन्या लोकांनी याच्यासाठी पंचराशिक, सप्तराशिक अशी नावं ठेवली होती. पण भावा, तू पेन उचलायच्या आधी एक अंदाज घे.

पहिल्या टोळीची रोजची मेहनत ८ × ६ = ४८ मजूर-तास. दुसरीची १२ × ८ = ९६. म्हणजे बरोबर दुप्पट. आणि काम? ३० चे ७२, दुपटीपेक्षा थोडं जास्त. मेहनत दुप्पट, काम दुपटीहून थोडं जास्त, तर दिवस दहापेक्षा थोडे जास्त. तुझे दोन दिवस इथेच खोटे पडतात. दहाही पडतात. सोळा फारच लांब.

आता नेमकं: काम २.४ पट, मेहनत २ पट. दिवस १० × २.४ ÷ २ = १२.

दुसरी वाटही बघ. ३० मीटरला ४८ × १० = ४८० मजूर-तास लागले, म्हणजे मीटरला १६. ७२ मीटरला ११५२. रोज ९६ खर्च होतात. ११५२ भागिले ९६, बाराच.

परीक्षेत पहिली वाट धर, घरी दुसरीनं ताडून बघ.

---

गुऱ्हाळ_ते_घर — गुरुवार, रात्री ८:२०

चर खणताना मधी खडक लागला तर?

---

वाकडं_बोट — गुरुवार, रात्री ८:२२

तर पर्याय १६.

---

मीठभाकर — गुरुवार, रात्री ९:४५

मास्तर! सुटलं. सांगते सविस्तर.

लेकीला तुमचा प्रश्न विचारला: साठ मुलांचे दहा दिवस म्हणजे चाळीस मुलांचे किती? तिनं बोटावर काहीतरी केलं, म्हणाली, "सहाशे पानं. चाळीसनं भागलं तर पंधरा."

मग वही घेऊन थेट ह्यांच्याकडे गेली. "बाबा, तुम्ही ४५ मधून १० वजा केले ना? ते ४५ चाळीस मुलांचे दिवस आहेत. आणि १० साठ मुलांचे दिवस आहेत. वेगवेगळे दिवस कसे वजा करायचे? चाळीसवाल्यांत ते १५ होतात. ४५ वजा १५, तीस."

हे पाच मिनिटं गप्प. मग म्हणाले, "म्हणजे इंचातून मिलिमीटर वजा केले मी." बस्स. छपाईची चूक हा विषय घरात आता बंद आहे.

तिचं पहिलं २० कुठून आलं तेही तिनंच सांगितलं: "आधीच्या धड्यात समप्रमाण होतं, त्याची रीत हाताला बसली होती." मला वाटलं होतं तिला काही कळलंच नाही.

आता तिनं धाग्यावरच्या काकांसाठी स्वतः एक गणित घातलंय. जसंच्या तसं टंकते:

"आमच्या घरात ८ माणसे आहेत. ६ दिवस पुरेल इतका तांदूळ आहे. २ दिवसांनी मामा ३ जणांना घेऊन आले. ते १ दिवस राहिले आणि परत जाताना आमच्यातल्या ३ जणांना आजोळी घेऊन गेले. तांदूळ एकूण किती दिवस पुरला?"

(आम्ही आठ जण नाही. तिनं चुलत्यांना धरलंय.)

---

भरतीवाला_भावा — गुरुवार, रात्री ९:५८

बाळा, बघ बरोबर आलंय का.

एकूण ४८ पानं. दोन दिवसात १६ उठली, राहिली ३२. मामा धरून चार पाहुणे, म्हणजे १२ जण, एक दिवस, १२ उठली. राहिली २०. मग घरात ५. चार दिवस. २ + १ + ४ = ७.

सूत्र लावलं न्हाई. "मामा ३ जणांना घेऊन" ह्यात मामा स्वतः धरायचे हे आधी विसरलो होतो, मग ११ आले आणि पुढं भाग जाईना. तवा परत वाचलं.

---

मीठभाकर — गुरुवार, रात्री १०:०४

ती म्हणते, बरोबर. आणि म्हणते, मामा मोजायचे विसरणार हे तिला माहीतच होतं, म्हणूनच तसं लिहिलं.

---

गुऱ्हाळ_ते_घर — गुरुवार, रात्री १०:१५

पण पाहुण्याचं एक पान म्हणजे घरच्याचं एकच पान, हे कुणी ठरवलं? आमचे मामा एकदा जेवायला बसूद्यात, मग सांगतो तांदूळ किती दिवस पुरतो ते.